आतोबांची वीस वर्षांची हजेरी

आमचे आतोबा रोज सकाळी पावणेसातला आणि संध्याकाळी साडेपाचला चालायला निघत. अंतर बासष्ट पावलं. घराच्या ओट्यापासून रस्त्यावरच्या फाटकापर्यंत. फाटक उघडंच असायचं, तरी त्याच्या लोखंडी पट्टीवर छत्रीच्या मुठीने तीन टोले द्यायचे, मागे वळायचं आणि बासष्ट पावलं परत. एवढ्याशा चालण्याने कुणाची साखर उतरत नाही की कुणाचं पोट आत जात नाही. पण आतोबा तब्येतीसाठी चालतच नव्हते. ते कोर्टासाठी चालत होते. आणि कोर्टात अजून दावाही नव्हता. दावा टाकण्यासाठी आधी वीस वर्षं चालायचं होतं.

आतोबा म्हणजे माझ्या आत्याचे यजमान. आम्ही सात भाचरं सुट्टीत त्यांच्याकडे पडलेली असायचो आणि दिवसभर 'आतोबा, आतोबा' असा गजर चालायचा. त्यामुळे ते सगळ्या गल्लीचेच आतोबा झाले. मूळचे दिघाशीचे. भिवंडीत शाळेत शिपाई होते आणि तीस वर्षं घंटा त्यांनीच दिली. निवृत्त झाल्यावर घंटा शाळेत राहिली, टोले द्यायची सवय घरी आली.

त्यांचं घर धामणकर नाक्याच्या अलीकडे, एका लूमच्या, म्हणजे यंत्रमागाच्या, शेडमागे. घर बांधलं तेव्हा पुढे मोकळं मैदान होतं. मग ते मैदान एका सेठनी विकत घेतलं, तिथे शेड उभी केली आणि आपल्या टेम्पोसाठी बाजूने नऊ फुटांचा बोळ ठेवला. रस्त्यावर यायला आतोबांना तेवढाच बोळ उरला. घराच्या मागून दुसरी वाट होती, पण ती नाल्यावरून, सात उभ्या पायऱ्या चढून. त्या पायऱ्यांवर आत्या दोनदा पडली. दुसऱ्यांदा खुबाच मोडला, आणि तेव्हापासून ती वॉकर घेऊन चालते. म्हणजे बोळ बंद झाला, तर आत्या घरात कायमची कोंडली जाणार. गोष्ट एवढीच आहे. बाकी सगळं कायद्याने वाढवलेलं.

सेठ काही वाईट माणूस नव्हे. इथलेच, पिढ्यानपिढ्यांचे कोकणी मुसलमान. बोळाच्या तोंडाशी फाटक बसवलं त्याच दिवशी ते स्वतः ओट्यापाशी आले आणि म्हणाले, "आतोबा, फाटक चोरांसाठी हाय, तुमच्यासाठी न्हाय. भाभी बिनधास्त येवदे-जावदे. माझी परवानगी हाय."

दुसरा कोणीही असता तर चहा पाजून विषय संपवला असता. आतोबा ओट्यावरून उठले. "परवानगी तुमची हाय. उद्या तुमच्या मुलाची न्हाय झाली, तर?"

"अरे, तो सहा वर्षांचा हाय!"

"मोठा होईल," आतोबा म्हणाले. "मला उपकार नको सेठ. हक्क पायजे."

सेठ घरी गेले ते चक्रावूनच. आतोबा गेले वकिलाकडे. वकील तेव्हा काळ्या केसांचे होते. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि सांगितलं, "दुसऱ्याच्या जमिनीतून वहिवाटीचा हक्क हवा असेल, तर वीस वर्षं चाला. उघडपणे, शांतपणे, हक्काने आणि खंड न पाडता. मग या." इतक्या लांबची तारीख भिवंडीत कुठल्याही वकिलाने दिली नसेल. दुसरा माणूस फी परत मागून आला असता. आतोबांनी ते चार शब्द कागदावर लिहून कपाटाच्या दाराला आतून चिकटवले आणि दुसऱ्या दिवशी पावणेसातला पहिलं पाऊल टाकलं.

'उघडपणे' म्हणजे आतोबांच्या मते पांढरा सदरा, हातात छत्री आणि बोळाच्या बरोब्बर मधून. कडेने चालणारा माणूस लपतो असं कोर्टाला वाटू शकतं. फाटकावरचे टोलेही त्यासाठीच. आत लूमचा एवढा खडखडाट, की माणूस बोळातून हत्ती घेऊन गेला तरी कळायचं नाही. टोले मात्र सेठना ऐकू जायचे.

'शांतपणे'चा अर्थ त्यांनी असा लावला होता, की बोळात भांडायचं नाही. भांडण नव्हतं असं नाही. टेम्पो आडवा लागायचा, सुताचा कचरा उडायचा, भांडणं व्हायचीच. पण भांडता भांडता आतोबांचा पाय चुकून ओट्याखाली पडला, की ते हात वर करायचे. "थांबा सेठ. वर जाऊन बोलतो." ओट्यावर चढायचे, सदरा नीट करायचे आणि जिथे वाक्य सोडलं होतं तिथून पुढे भांडायचे. सेठही तोवर थांबायचे. त्या बाबतीत दोघांनाही शिस्त.

सगळ्यात अवघड गेलं ते 'हक्काने'. कारण सेठच्या घरी आल्यागेल्याला 'या' म्हणायचं वळण. पहिल्याच आठवड्यात आतोबा खिडकीसमोरून जाताना सेठ सवयीने बोलून गेले, "या, या आतोबा!" आतोबा जागच्या जागी थिजले.

"सेठ, या म्हणायचं न्हाय."

"का वो?"

"तुम्ही या म्हणणार, मी येणार. म्हणजे मी तुमच्या मेहरबानीवर चाललो असं होईल. हक्क गेला माझा."

"मग मी म्हणू काय?"

"काही म्हणू नका. न्हायतर असं करा, रागानं बघा. ते चालंल."

तेव्हापासून रोज दोन वेळा सेठ खिडकीतून रागाने बघू लागले. त्यांना ते जमत नसे. दाढ दुखणाऱ्या माणसासारखा चेहरा व्हायचा. ईदचा शीरखुर्मा आमच्या आत्याकडे येत राहिला, पण स्वयंपाकघराच्या खिडकीतून, बोळाचा स्पर्श न होता. बुद्धपौर्णिमेची खीरही त्याच खिडकीतून परत जायची. आत्याला बोळात तोंड उघडायची सक्त मनाई होती. ती वॉकर टेकत जाताना सेठनी नुसतं पाहिलं, तरी 'तब्येत काय म्हणते' असं तिच्या ओठांवर यायचं, आणि ओट्यावरून आतोबा खाकरायचे.

आणि 'खंड न पाडता'. वीस वर्षांत आतोबा एकदाही कुठे मुक्कामाला राहिले नाहीत. माझं लग्न कल्याणला होतं. मी आणि बायको प्रतिज्ञा म्हणत होतो, आणि मला समोर दिसत होतं, आतोबा घड्याळ बघतायत. साडेपाचला भिवंडीत पोचायचं तर आत्ता निघायला हवं, हे त्यांच्या चेहऱ्यावर स्पष्ट वाचता येत होतं. लग्नाच्या फोटोत आत्या आहे आणि तिच्या शेजारी रिकामी खुर्ची आहे. बायको अजून विचारते, की ही जागा कुणासाठी धरली होती. मी सांगतो, कोर्टासाठी.

इकडे सेठनीही एक वकील गाठलाच होता. त्यांचं म्हणणं, "अडवू नका. अडवलंत की ते कोर्टात जातील. फक्त ते किती वेळा घुसतात, ते लिहून ठेवा." आता सेठना माणसांबद्दल लिहिण्याची एकच पद्धत माहीत. लूमवरचं हजेरीपुस्तक. त्यात कारागिरांच्या नावांखाली, सगळ्यात शेवटच्या ओळीत, त्यांनी नवीन नाव घातलं, 'आतोबा'. दोन शिफ्ट. टोले ऐकले की खूण. सेठ शाळेत उर्दू शिकलेले, पण पुढे कोर्टात लागेल म्हणून ही एक ओळ मात्र मराठीत. कारागीर गावाला जायचे, आजारी पडायचे, दुसऱ्याच्या लूमवर पळायचे. आतोबांच्या ओळीत एक गाळलेला चौकोन सापडणं मुश्कील. एकदा एक कारागीर उशिरा आला, तर सेठ त्याला सर्वांसमोर म्हणाले होते, "शर्म करो. वो देखो, बिना पगार का आदमी टाइम पे आता है."

एकोणीस वर्षं दहा महिने झाले, आणि आतोबांचा पाय मोडला. बोळात नव्हे, स्वतःच्या मोरीत. दीड महिन्याचं प्लास्टर. दवाखान्यातून आले ते कॉटवर आडवे होता होता म्हणाले, "साडेपाचला कोण जाणार?"

आत्या म्हणाली, "मी जाते की. नाहीतरी दळण टाकायचंय."

"तू गरजेनं चालतेस. हक्कानं चालायला वेगळं लागतं."

आणि सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं.

मी काल्हेरला राहतो. तिथल्याच एका गोदामाच्या ऑफिसात डिस्पॅच बघतो. पन्नाशीला आलोय, पण अजून स्वतःच्या सोसायटीच्या लिफ्टमध्ये माणसं असली, तर 'येऊ का?' असं विचारून शिरतो. बायको म्हणते, तुम्ही स्वतःच्या घरीही पाहुण्यासारखे बसता. असा माणूस वीस वर्षांच्या हक्काचा वारस झाला. स्कूटरने सकाळी यायचं, चालायचं, ड्युटी करायची, संध्याकाळी परत यायचं, चालायचं. आतोबांनी कॉट खिडकीपाशी ओढून घेतली आणि तिथून माझी तालीम घेतली.

"मान खाली कशाला? चोरी केलीस का?"

"मधून चाल, मधून!"

"टोला दे म्हटलं तर दार वाजवल्यासारखं काय करतोस? कुणी आत घेणार हाय का तुला?"

सेठनी पहिल्याच दिवशी खिडकीतून मला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं आणि हजेरीपुस्तक ओढलं. "आज बदली आला वाटतं," असं ते मुनीमजींना म्हणाले, ते मी ऐकलं. लूमवर मूळ कारागीर नसला, की त्याच्या जागी येतो तो बदली. मला जरा अभिमानच वाटला. निदान कुठे तरी माझी नेमणूक झाली होती.

आठव्या दिवशी मी घोळ केला. बोळात टेम्पो लागला होता, सुताचे बीम, म्हणजे सूत गुंडाळलेले मोठे रूळ, उतरत होते, आणि मधोमध सेठचा मुलगा फोनवर बोलत उभा. सहा वर्षांचा होता तो, आता सव्वीसचा. रस्ता नऊ फुटांचा होता, त्यातला दीड फूट उरला होता. आतोबा असते तर तिथेच छत्री टेकून उभे राहिले असते, टेम्पो हलेपर्यंत, मग दुपार का होईना. मी काय केलं? मी हसलो. मान वाकवली. आणि म्हणालो, "जरा जाऊ का?"

मुलाने फोनवरून नजरही न काढता हात हलवला. "जाओ ना अंकल. किसने रोका है?"

मी 'थँक्यू'ही म्हणालो. हे थँक्यूचं मी पुढे कुणालाच सांगितलं नाही. आज पहिल्यांदाच लिहितोय.

खिडकीत सेठ होते. त्यांनी चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं, आणि वीस वर्षांत जे त्यांना आतोबांसाठी कधी जमलं नव्हतं, ते माझ्यासाठी जमलं. ते खरोखर रागाने बघत होते.

विचारल्याचं मात्र आतोबांना मी लगेच सांगितलं.  त्यांनी विचारलं, "कुणी ऐकलं?"

"मुलानं. सेठनी. टेम्पोवाल्यानं."

"एकोणीस वर्षं दहा महिने मी कुणाला विचारलं न्हाय," ते म्हणाले. "पावसात गुडघाभर पाण्यातून गेलो, विचारलं न्हाय. तू आठ दिवसांत विचारलंस." आणि त्यांनी भिंतीकडे तोंड केलं.

आत्या मला दाराशी सोडायला आली. "मनावर घेऊ नको. तुझं वळणच तसं. लहानपणी तू पाणी पिऊ का म्हणूनपण विचारायचास." म्हणाली, आणि वॉकरवरचा हात उचलून माझ्या पाठीवर ठेवला. त्या वॉकरकडे मला बघवेना.

वीस वर्षं पुरी झाली. आतोबा काठी घेऊन पुन्हा कामावर रुजू झाले. तोवर धंदा मुलाच्या हातात गेला होता, आणि त्याला नव्या लूम टाकायच्या होत्या. जागा कुठे? बोळात. एका सकाळी पावणेसातला आतोबा फाटकाशी गेले, तर दोन माणसं भिंतीसाठी दोरी लावत होती.

"अंकल, अब्बाने परवानगी दी थी," मुलगा नम्रपणे म्हणाला. "मैं वापस ले रहा हूँ. पीछे से रास्ता है ना आपका."

आतोबांनी ओट्यावर येऊन मला फोन लावला. त्यांच्या आवाजात दुःख होतं, पण सांगायला हरकत नाही, त्यात थोडं समाधानही होतं. "बघ," ते म्हणाले. "मोठा झाला."

दावा दाखल झाला, भिंतीला स्टे मिळाला आणि मग तारखा. वकिलांचे केस आता पांढरे झाले होते. माझी साक्ष आली, त्याच्या आदल्या दिवशी मी आतोबांकडे गेलो. मला वाटलं होतं, ते काहीतरी सुचवतील. आठवत नाही म्हण, ऐकू आलं नसेल म्हण. ते म्हणाले, "खरं काय ते सांग. लबाडी करून वाट मिळाली, तर तिच्यावरून मी पांढरा सदरा घालून कसा चालणार?"

दुसऱ्या दिवशी मुलाच्या वकिलाने मला एकच प्रश्न विचारला. "त्या दिवशी बोळातून जाण्यासाठी आपण परवानगी मागितली होती का?"

मी आतोबांकडे पाहिलं. ते समोरच्या भिंतीकडे बघत होते. आत्या घरी होती, नाल्याच्या आणि दोरीच्या मधे.

"हो," मी म्हणालो. "मागितली."

वकील असे खाली बसले, की जणू जेवायलाच. कुटुंबातल्या माणसाने विचारून वापरलेला रस्ता, म्हणजे मेहरबानीचा रस्ता. वीस वर्षं गेली नाल्यात.

मग सेठची साक्ष. मुलाने मोठ्या हौसेने वीस वर्षांची हजेरीपुस्तकं टेबलावर रचली. वडिलांनी वेळोवेळी या घुसखोरीची नोंद ठेवली आहे, असं त्याच्या वकिलाने ठासून सांगितलं. न्यायाधीश बाई पानं उलटू लागल्या. सकाळ, संध्याकाळ. सकाळ, संध्याकाळ. जरा वेळाने त्या थांबल्या आणि म्हणाल्या, "एवढी हजेरी तर आमच्या कोर्टातसुद्धा कुणाची नाही."

आमचे पांढऱ्या केसांचे वकील उठले. "सेठ, भाच्याने परवानगी मागितली, त्या दिवसाचं पान वाचता?"

सेठनी चष्मा लावला. पान शोधलं. आणि लूमच्या खडखडाटात बोलायची सवय असल्यामुळे, सगळ्या कोर्टाला ऐकू जाईल अशा आवाजात वाचलं, "आतोबा गैरहजर. पाय मोडला. बदली भाचा. जाऊ का विचारला. बदली कच्चा हाय. आतोबाने कधी विचारला न्हाय."

कोर्टात कुणीतरी फिसकन हसलं. मी खाली बघत होतो, त्यामुळे कोण ते कळलं नाही. बाईंनी विचारलं, "कधी नाही म्हणजे?"

"कधीच न्हाय, मॅडम. मी या म्हटला, तरी त्यांना राग यायचा."

"अब्बा!" मुलगा मागून ओरडला.

सेठ वळले. "अब्बा काय? तूच म्हणालास ना, रजिस्टर आणा म्हणून?"

निकाल आतोबांच्या बाजूने लागला. बोळ नऊ फूट, कायम मोकळा. एका बदलीच्या चुकीने मूळ माणसाचा हक्क जात नाही, अशा अर्थाचं त्यात काहीतरी होतं. मला ते पान फ्रेम करून घ्यावंसं वाटलं. कोर्टाबाहेर मी सेठना गाठलं आणि विचारलं, तुम्ही आमच्या बाजूने का बोललात? ते खरोखर चिडले. "कुणाच्या बाजूने बोललो? हजेरीत खोटा लिवायचा न्हाय. खोटी हजेरी लावायला लागलो, तर लूम चालवणार कोण?"

निकालानंतर आतोबांचे हाल झाले. आता चालायची गरजच नव्हती. पावणेसातला सदरा घालून ते ओट्यावर नुसते बसून राहायचे. तीन दिवस असे गेले. चौथ्या दिवशी फाटकावर तीन टोले पडले. नेमका मी तिथे होतो. सेठ बाहेर आले.

"आता कशाला आतोबा? जिंकलात ना?"

"सवय हाय."

सेठनी दाढी कुरवाळली. "मग आता या म्हणू?"

आतोबांनी चांगला वेळ घेऊन विचार केला. वीस वर्षांत पहिल्यांदाच कायद्याची हरकत नव्हती.

"म्हणा."

"या!" सेठ म्हणाले, एवढ्या जोरात की कारागीर खिडकीशी आले.

आतोबा आत जाऊन बाकावर बसले. चहा आला. त्यांनी हजेरीपुस्तकं मागवली आणि पहिल्या पानापासून आपली हजेरी तपासायला घेतली. चहा निवायच्या आत एका चौकोनावर बोट ठेवलं. "सेठ, इथे तुम्ही संध्याकाळ मांडली न्हाय. मी हजर होतो."

"न्हवता."

"होतो! त्या दिवशी पूर आला होता. पाण्यातून आलो."

"टोले ऐकले न्हाईत मी!"

"लूम बंद करून ऐकायचे!" आतोबा उठले. "इथे न्हाय. चला, ओट्यावर चला."

पुढची दोन वर्षं ते भांडण पुरलं.

गेल्या हिवाळ्यात आतोबा गेले. पावणेसातला सदरा घातला, छत्री घेतली आणि ओट्यावर बसले ते उठलेच नाहीत. त्यांना बोळातूनच नेलं. चौघं खांदेकरी शेजारी शेजारी मोकळे चालले, कुणाला भिंत घासली नाही. फाटकाशी आल्यावर मला टोले द्यायचं आठवलं, पण दोन्ही हात गुंतलेले होते. मागून तीन टोले ऐकू आले. वळून बघता आलं नाही.

पंधरा दिवसांनी रविवारी मी आत्याला डॉक्टरकडे न्यायला आलो. ती वॉकर टेकत बोळातून निघाली, मी मागे. खिडकीत सेठ नेहमीसारखे पुस्तक उघडून बसले होते. त्यांनी मला खुणेने बोलावलं आणि पान माझ्याकडे फिरवलं. शेवटच्या ओळीत आतोबांचं नाव होतं, आणि पंधरा दिवसांच्या प्रत्येक चौकोनात एकच शब्द. 'सुट्टी'. ओळीच्या टोकाला लिहिलं होतं, 'पगारी'.

लूमवर पगारी सुट्टी कुणाला नसते. सेठच्या शेडमध्ये तरी त्याआधी कुणाला मिळाली नव्हती.  आत्या तिकडे फाटकाशी पोचून थांबली होती. मी डोळे पुसले आणि सवयीने तोंडातून निघालं, "सेठ, मग जाऊ—"

"ए बदली," सेठ म्हणाले. त्यांचा चष्मा हातात होता. "विचारू नको."